‘टुगेदर’ (१९५६): युद्धानंतरचं एकटेपण की बहिरेपणाचा वापर?

रानजाई: इटालियन दिग्दर्शिका लोरेंझा मात्सेत्तीचा ‘टुगेदर’ हा पिक्चर पाहिला, ५२ मिनिटांचा, ब्लॅक अँड व्हाइट. लंडनच्या ईस्ट एंडमधे गोदीत काम करणारे दोन बहिरे-मुके मित्र, कामाला जातात, पबमधे जातात, मागे गल्लीतली पोरं वेडावत असतात, बस एवढंच. युद्धाचं नाव कोणी काढत नाही पण बॉम्बने पाडलेल्या जागा जिकडेतिकडे तशाच पडल्यात. गजबजलेल्या शहरात माणसं अशी तुटलेली मी दुसऱ्या कुठल्या पिक्चरमधे पाहिली नाहीत.

दक्षिणदार: नाही पटलं. लोक त्यांना टाळतात ते बहिरे म्हणून, युद्ध झालं नसतं तरी टाळलंच असतं. त्यात दोघेही कलाकार ऐकू येणारे, मायकेल अँड्र्यूज चित्रकार आणि पाओलोझी शिल्पकार. माझी बहीण बहिरी आहे, तिचा ग्रुप जमला की हातांनी रात्र रात्र गप्पा चालतात. बहिरा म्हणजे एकटा हे ऐकणाऱ्यांनी ठरवलंय आणि मला त्याचा खरंच राग येतो.

रानजाई: राग बरोबर आहे, ऐकू येणारे कलाकार घेतले हा मुद्दा मान्य. पण बाई कुठून आली तेही बघा ना. ऑगस्ट १९४४ मधे इटलीत तोस्कानात जर्मन सैनिकांनी तिची आत्या आणि दोन आतेबहिणी मारल्या, आत्याचा नवरा रॉबर्ट हा आल्बर्ट आइनस्टाइनचा चुलतभाऊ, त्याने पुढच्या वर्षी जीव दिला. ही आणि हिची जुळी बहीण वाचल्या. तिथून लंडनला आलेल्या मुलीला असे दोघंच सुचले यात मला वापर दिसत नाही.

दक्षिणदार: वाईट वाटलं वाचून. पण हे पडद्यावर कुठे आहे? चरित्र माहीत नसलेल्याला काय दिसणार?

कोपऱ्यावरचा: पोरं दिसणार की. ब्लिट्झ, म्हणजे लंडनवरचा जर्मन बॉम्बवर्षाव, १९४०-४१ चा, ही पोरं त्यानंतर जन्मलेली, त्यांना पडकी भिंत म्हणजे खेळायची जागा आणि हे दोघं म्हणजे खेळणं. मोठी माणसं बघून न बघितल्यासारखं करतात. चरित्र नको त्याला.

दक्षिणदार: आणि शेवट? पोरांच्या खोडीत एक जण थेम्समधे पडून बुडतो आणि दोस्ताला पत्ताच नाही. म्हणजे मरणसुद्धा बहिरेपणावरच बेतवलं.

रानजाई: कान शाबूत असलेलं अख्खं शहर होतं तिथे, त्यातलं कोण धावलं? माझ्या मते तो शेवट त्या शहरावर आहे.