केरळला निघण्यापूर्वी आईसोबत कोणते मल्याळम चित्रपट पाहावेत?

ठाणेकरीण: डिसेंबरात आईला घेऊन केरळला जात आहे. तिथली माती आणि माणसे थोडी तरी कळतील असे दोन चित्रपट सुचवावेत. लांबी दोन तासांच्या आसपास असावी आणि रक्तपात नको.

खारेवारे: 'चेम्मीन' (१९६५) पाहाच. कोळिणीचे पाऊल घसरले तर दर्यावर गेलेल्या नवऱ्याला कडलम्मा, म्हणजे समुद्रमाता, गिळते, या समजुतीवर सारी कथा उभी आहे. आमच्या मालवणात नारळ अर्पून दर्याला शांत करतात. तिथे ती जबाबदारी बाईच्या माथी मारलेली पाहून आमची आजी जाम भडकली होती.

भरतीओहोटी: 'कुंबळंगी नाइट्स' (२०१९). कोचीजवळचे बेट, दाराशी खाडी आणि एकमेकांशी न पटणारे चार भाऊ. त्यात रात्री पाण्यात चमकणारा 'कवरु', म्हणजे सूक्ष्म जिवांचा निळसर प्रकाश, पाहायला आम्ही ऐन पावसाळ्यात गेलो आणि भिजून परतलो. पाणी अधिक खारे होते तेव्हा, उन्हाळ्यात, तो दिसतो, हे हॉटेलवाल्याने पैसे घेतल्यावर सांगितले.

काटेकोर: तो सव्वादोन तासांचा आहे. 'जल्लिकट्टू' (२०१९) दीड तासात आटोपतो. सुटलेल्या रेड्यामागे डोंगरातले अख्खे गाव धावते.

खारेवारे: अहो, रक्तपात नको असे त्यांनी स्पष्ट लिहिले आहे!

भरतीओहोटी: मी पुन्हा सांगतो, कुंबळंगीच.

जुनाप्रेक्षक: इडुक्कीच्या डोंगराळ गावासाठी 'महेशिंटे प्रतिकारम' (२०१६) घ्या, मार खाल्लेला फोटोग्राफर सूड घेईपर्यंत चप्पल न घालण्याची शपथ घेतो. अडूर गोपालकृष्णन यांचा 'एलिपत्तायम' (१९८१) मात्र आईंना मुळीच दाखवू नका. आमच्याकडे अर्ध्या तासात सगळे घोरत होते.

ठाणेकरीण: सर्वांचे आभार. नको म्हटल्यामुळे कुतूहल वाटून 'एलिपत्तायम'च लावला. केरळमधील एकत्र कुटुंबपद्धती १९७५च्या कायद्याने रद्द झाली, आणि हा चित्रपट त्यानंतर सहा वर्षांनी आलेला. त्यातल्या जुन्या घराचा कर्ता पुरुष बहिणींच्या जिवावर जगतो आणि वाटेत चिखलाचे डबके लागले म्हणून पांढरे मुंडू, म्हणजे केरळी लुंगी, सावरत घरी परततो. तिथे आईने चित्रपट थांबवायला लावला आणि वाईच्या वाड्यातल्या, स्वतः पाण्याचा तांब्याही न उचलणाऱ्या आपल्या काकांविषयी तासभर बोलत राहिली. त्यामुळे दोन तासांचा चित्रपट तीन तास चालला. दुसऱ्या संध्याकाळी तिने नवा चित्रपट लावू दिला नाही. धाकटी बहीण उंदरांचा पिंजरा तळ्यात बुडवते, ते पुन्हा पाहायचे होते.