मदत हवी आहे : खेळण्याच्या रानातील बहमनी फौजेची कत्तल आणि फेरिश्त्याची साक्ष

नमस्कार मंडळी,

आमच्या लांजे तालुक्यातील एका वाचनालयातर्फे परिसराच्या इतिहासाची पुस्तिका निघणार असून, तिच्यातील शिवपूर्वकाळाचे प्रकरण लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. या प्रकरणाचा गाभा म्हणजे बहमनी सरदार मलिक-उत्-तुज्जार खलफ हसन बसरी याची कोकणातील मोहीम आणि खेळण्याच्या, म्हणजे आजच्या विशाळगडाच्या, वाटेवर झालेली त्याच्या फौजेची कत्तल. पुस्तिकेबरोबरच प्रभानवल्लीच्या बाजूला एक माहितीफलक लावावा आणि त्यावर 'येथेच सात हजारांची फौज कापली गेली' असे ठळकपणे लिहावे, असा काही मंडळींचा आग्रह आहे. एकदा फलक लागला की पुढच्या दोन पिढ्या त्यालाच पुरावा मानतील, म्हणून आधी येथील जाणकारांचा सल्ला घ्यावा असे वाटले.

प्रसंग बहुतेकांना ठाऊक असेल, तरी ज्या तपशिलांवर माझा प्रश्न उभा आहे ते येथे देतो. फेरिश्ता हा फारसी इतिहासकार सांगतो की चाकणला ठाणे करून बसलेल्या मलिक-उत्-तुज्जारने शिर्के या कोकणातील स्थानिक सरदारांना कोंडीत पकडले आणि धर्मांतर किंवा मृत्यू असा पर्याय त्यांच्यापुढे ठेवला. त्यावर शिर्के म्हणाले की खेळण्याच्या शंकररायाशी आमचे वैर आहे, तो गादीवर असताना आम्ही धर्म बदलला तर तो आमचीच माणसे आमच्यावर उठवील, तेव्हा आधी त्याचा बंदोबस्त करा, वाट आम्ही दाखवतो. दख्खनी आणि हबशी सरदारांपैकी पुष्कळांनी रानात शिरायचे नाकारले. पहिले दोन दिवस वाट बरी होती. तिसऱ्या दिवशी मात्र सूर्यकिरणही खाली पोहोचणार नाही अशा जंगलात फौज अडकली. सेनापती रक्ती आवेने आजारी होता आणि एका जागी तळ ठोकायलाही मोकळी जमीन नव्हती. मध्यरात्री शंकररायाची माणसे झोपलेल्या फौजेवर तुटून पडली. सुमारे सात हजार माणसे मारली गेली आणि त्यांत मलिक-उत्-तुज्जार व पाचशे सय्यद होते, असा त्याचा हिशेब आहे. आपल्याकडच्या पुस्तकांत या घटनेचे वर्ष बहुधा १४५३ असे छापलेले असते, तर काही आधुनिक अभ्यासक ती १४४६-४७ इतकी मागे नेतात. म्हणजे वर्षापासूनच मतभेद सुरू होतात.

माझी पहिली शंका लेखकाविषयी आहे. फेरिश्ता मूळचा इराणमधील अस्तराबादचा. त्याने आपला ग्रंथ विजापूरला दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या आश्रयाने १६०६च्या सुमारास सिद्ध केला, म्हणजे घटनेनंतर जवळजवळ दीडशे वर्षांनी. अहमदनगरच्या दरबारात १५९०च्या दशकात 'बुऱ्हान-ए-मआसिर' लिहिणारा सय्यद अली तबातबाही इराणमधूनच आलेला होता. बहमनी राज्यातील दख्खनी आणि आफाकी, म्हणजे परदेशातून आलेले, या दोन गटांच्या वैराने पुढे ते राज्य पोखरले, आणि हे दोन्ही इतिहासकार त्यांपैकी आफाकी बाजूचे. फेरिश्त्याने सांगितलेली ही हकीगत खेळण्यावर संपतही नाही. वाचलेले आफाकी चाकणला परततात, दख्खनी सरदार दुसऱ्या अलाउद्दीन अहमदशहाचे कान भरून त्यांच्याविरुद्ध हुकूम मिळवतात, वेढा घालतात, अभयाची शपथ देऊन त्यांना बाहेर काढतात आणि मेजवानीला बोलावून मारतात. माझ्या वाचनाप्रमाणे फेरिश्त्याला खरे सांगायचे आहे ते हे चाकणचे प्रकरण, आणि खेळण्याची कत्तल ही त्याची पूर्वपीठिका आहे. दोन्ही प्रसंगांची घडण इतकी सारखी आहे (दिलेला शब्द, ठेवलेला विश्वास, बेसावध माणसांवर घाला) की शिर्क्यांचे ते मुद्देसूद बोलणे प्रत्यक्ष घडलेले आहे की कथेच्या गरजेतून आलेले आहे, हा विचार मनातून जात नाही. दख्खनी सरदारांनी रानात शिरायचे नाकारले हे वाक्यसुद्धा मला लष्करी नोंदीपेक्षा आरोपपत्राच्या जवळचे वाटते.

दुसरी शंका भूगोलाची आहे आणि तिच्यासाठीच कोकणातील वाचकांची मदत मला सर्वाधिक हवी आहे. जेथे फौज अडकली त्या जागेच्या तीन बाजूंना ढगांत घुसणारे डोंगर होते आणि चौथ्या बाजूला समुद्राची खाडी होती, असे फेरिश्ता म्हणतो. विशाळगडाच्या कोकणाकडच्या उतारावर असे ठिकाण नाही. मुचकुंदी माचाळच्या बाजूला उगम पावते, पण पूर्णगडच्या मुखातून आत येणाऱ्या खाडीत गलबते चालत ती साटवलीपर्यंत, आणि तेथून घाटाचा पायथा अजून दिवसभराच्या चालीवर आहे. उत्तरेला शास्त्रीची खाडी पूर्वी संगमेश्वरपर्यंत चालती होती, दक्षिणेला राजापूरपर्यंत गलबते येत, परंतु यांपैकी कोणत्याही खाडीच्या टोकाला उभे राहिले तर सह्याद्रीची भिंत पूर्वेला दूर दिसते, तिन्ही बाजूंनी अंगावर येत नाही. तेव्हा कत्तल खेळण्याच्या पायथ्याशी न होता खाली कोठेतरी, कदाचित संगमेश्वराच्या बाजूला झाली असेल. किंवा विजापुरात बसून कोकण डोळ्यांपुढे आणणाऱ्या लेखकाने डोंगर आणि समुद्र एकाच चित्रात आणले असतील.

असे असूनही सगळेच वर्णन कल्पित म्हणून बाजूला सारायला मी तयार नाही. त्या रात्री वारा इतका होता की झाडांच्या सळसळीत एका टोळीच्या किंकाळ्या शेजारच्या टोळीला ऐकू गेल्या नाहीत, असेही फेरिश्ता सांगतो. माचाळच्या सड्यावरून खाली प्रभानवल्लीकडे उतरणाऱ्या रानात जो वाऱ्याच्या दिवसांत चालला आहे, त्याला हे वाक्य वाचून थबकायला होईल. कारवी आणि बांबूची बेटे एकमेकांवर घासू लागली की वहाळापलीकडच्या माणसाने घातलेली साद अलीकडे पोहोचत नाही, आणि एकामागून एक चालणारी माणसे दहा पावलांवर एकमेकांना दिसेनाशी होतात. हा तपशील दरबारात बसून सुचण्यासारखा नाही. वाचून परतलेल्या कोणाच्या तरी तोंडून तो लिखाणात उतरला असावा, असे माझे मत आहे. एकाच परिच्छेदात खाडी खोटी आणि वारा खरा असेल, तर असा परिच्छेद इतिहासात कसा वापरायचा?

तुलनेसाठी मी पुढच्या पिढीतील मोहीम घेतली. बहमनी वजीर महमूद गावान १४६९ ते १४७२ या काळात स्वतः कोकणात होता आणि 'रियाझ-उल्-इन्शा' या त्याच्या पत्रसंग्रहात त्या मोहिमेवरून लिहिलेली पत्रे आहेत. येथे साक्षीदार स्वतः हजर आहे, ही मोठीच जमेची बाजू; पण ही पत्रे अलंकारिक फारसीत, आपले कर्तृत्व दूरवर कळावे आणि दरबारातील विरोधकांविषयीची तक्रार नोंदली जावी म्हणून लिहिलेली आहेत. याच मोहिमेविषयी फेरिश्ता सांगतो की गावानने आधी रान तोडून जाळून वाट केली, पाच महिने खेळण्याला वेढा घातला, पावसाळ्यात कोल्हापूरला छावणी केली आणि शेवटी गड युक्तीने व पैशाने मिळवला. हे वर्णन मला अधिक विश्वासार्ह वाटते, कारण त्यात अपयश झाकलेले नाही आणि पावसाळा आपल्या जागी आहे. तिसरा आवाज अफनासी निकितिन या रशियन व्यापाऱ्याचा. तो चौलला उतरला, बिदरला राहिला आणि दाभोळहून परत निघाला. मलिक-उत्-तुज्जारने (हा किताब आहे; या वेळी तो गावानकडे होता) समुद्रात लूटमार करणाऱ्यांची दोन शहरे घेतली आणि त्यासाठी दोन लाख फौज, शंभर हत्ती व तीनशे उंट घेऊन दोन वर्षे वेढा दिला, असे तो लिहितो. हे आकडे बिदरच्या बाजारातील बोलण्यातून आलेले दिसतात. खेळण्याच्या राजाकडील फेरिश्त्याच्या तीनशे जहाजांचेही मला तसेच वाटते. मग कत्तलीतील सात हजार हा आकडा तेवढा मोजून लिहिलेला आहे असे आपण कोणत्या आधारावर मानतो?

आपल्या बाजूचा समकालीन आवाज या प्रसंगाला नाही, याचे मला फार वाईट वाटते. सभासदाची बखर १६९७च्या सुमाराची आणि शिवछत्रपतींच्या चरित्रापुरती. उत्तर कोकणाला 'महिकावतीची बखर' लाभली आहे, आणि तिच्यातील केशवाचार्यांचा भाग शके १३७०चा, म्हणजे १४४८चा, अगदी या घटनेच्या काळातला. पण तिची नजर माहीम-साष्टीवर आहे. दक्षिण कोकणातील देशमुख घराण्यांचे करीने, म्हणजे घराण्याच्या हकीगतीचे कागद, नंतरचे आहेत आणि वतनाच्या वादात आपला हक्क सिद्ध करण्यासाठी लिहिलेले आहेत, म्हणून त्यांनाही तितक्याच सावधपणे तपासावे लागेल. त्यामुळे आज पोवाड्यांतून आणि भाषणांतून शिर्के-मोऱ्यांच्या पराक्रमाचा म्हणून जो प्रसंग अभिमानाने सांगितला जातो, तो आपल्याला कळला आहे तो हरलेल्या पक्षाच्या लेखणीतून. पराभूतांनीच मान्य केलेला पराभव म्हणून घटनेचा सांगाडा खरा धरावा आणि कारणे, संवाद, आकडे व नेमकी जागा ही लेखकाची म्हणून नावानिशी वेगळी दाखवावी, असा माझा सध्याचा विचार आहे.

यावर आपले मत हवेच आहे, पण काही नेमकी मदतही हवी आहे. फेरिश्त्याचे जॉन ब्रिग्जने केलेले १८२९चे इंग्रजी भाषांतर अनेक ठिकाणी मुळापासून ढळते, म्हणून ज्यांना फारसी वाचता येते त्यांनी मूळ ग्रंथातील खाडीचे आणि वाऱ्याचे वाक्य पाहून त्याचा शब्दशः अर्थ येथे द्यावा. 'बुऱ्हान-ए-मआसिर'मध्ये हीच जागा कशी वर्णिली आहे आणि शिर्क्यांचे बोलणे तेथे येते का, हे कोणी ताडून पाहिले असल्यास कृपया सांगावे. संगमेश्वर, शृंगारपूर, देवरुख या बाजूच्या मंडळींनी आपल्याकडे अशा लढाईशी जोडलेली एखादी जागा, वीरगळ किंवा थडगी दाखवली जातात का ते कळवावे. मात्र ती सांगी जुनी आहे की पुस्तके वाचून अलीकडे रुजली आहे, हेही सोबत लिहावे. आणि फलकावर 'येथेच' ऐवजी 'या परिसरात, फेरिश्त्याच्या कथनानुसार' एवढेच लिहिले तर आपल्यापैकी कोणाला ते अपुरे वाटेल का, आणि वाटल्यास कशामुळे?