बॉटशी खेळायला ना नाही, पण समोर बॉट आहे हे कळू तरी द्या

जुना_लॅनवाला

मोबाइलवरच्या बॅटल रॉयलमध्ये, म्हणजे शेवटी एकच खेळाडू किंवा संघ उरेपर्यंत चालणाऱ्या लढाईत, शंभर जण विमानातून उड्या मारतात. त्यांतली माणसं किती आणि बॉट, म्हणजे संगणकाने चालवलेले खेळाडू, किती, याचा पत्ता खेळणाऱ्याला शेवटपर्यंत लागत नाही. खालच्या रँकमध्ये समोरचा उघड्या माळावरून सरळ रेषेत धावत येतो, मध्येच थांबतो, आपल्या दोन हात बाजूला गोळ्या घालतो आणि आपण नेम धरेपर्यंत जागचा हलत नाही. किल फीडमध्ये (कुणी कुणाला मारलं त्या पडद्यावरच्या यादीत) त्याचं नाव मात्र शेजारच्या मुलाचं वाटावं असं. मॅच जिंकली की शाबासकी, नाणी, रँकचे गुण, सगळं मिळतं. माझा आक्षेप या लपवाछपवीला आहे. बॉटला नाही.

उलट बॉटांवर जीव आहे म्हणूनच हे लिहितोय. १९९६ मध्ये क्वेक हा गोळीबाराचा खेळ आला तेव्हा त्यात एकट्याने डेथमॅच (खेळाडूंनी एकमेकांना मारायची मॅच) खेळायची सोय नव्हती. स्टीव्ह पोल्ज यांनी त्यासाठी 'रीपर बॉट' लिहिला. पुढे ते एपिक या गेम कंपनीत गेले आणि १९९९ च्या अनरिअल टूर्नामेंटचे बॉट त्यांनी केले. क्वेक ३ अरेनाही त्याच वर्षीचा. दोन्ही खेळांत प्रतिस्पर्धी यादीतून निवडायचा आणि तो किती तयारीचा हवा तेही आपणच ठरवायचं. २००० च्या परफेक्ट डार्कमध्ये बॉटांना चक्क स्वभाव दिले होते. एक प्रकार स्वतःला शेवटचं ज्याने मारलं त्याच्याच मागे लागायचा, दुसरा गोळी न झाडता नुसती हत्यारं गोळा करत फिरायचा.

आणि काउंटर-स्ट्राइक. त्याची कंडिशन झीरो ही आवृत्ती २००४ मध्ये आली, त्यातले बॉट लोकांनी १.६ या आवृत्तीत आणून बसवले आणि ते आपल्याकडच्या गेमिंग कॅफेंतही पोचले. नवा मॅप पहिल्यांदा उघडला की बॉट तो आधी 'शिकायचे'. पडद्यावर टक्के सरकत राहायचे आणि मग त्या मॅपची एक फाइल तयार व्हायची: कुठे चालता येतं, कुठून उडी मारता येते, आडोसा कुठे आहे. बॉटांच्या स्वभावाचीही एक फाइल असायची. ती नोटपॅडमध्ये उघडली की प्रत्येकाचं नाव, कौशल्य, आक्रमकता, प्रतिसादाला लागणारा वेळ, संघाबरोबर राहण्याची वृत्ती, सगळं आकड्यांत लिहिलेलं. आकडा बदला, बॉट बदलला. आणि टॅब दाबल्यावर गुणांचा तक्ता उघडायचा, त्यात माणसाच्या पिंगचा (सर्व्हरपर्यंत जायला-यायला लागणाऱ्या वेळेचा) आकडा जिथे यायचा तिथे बॉटच्या ओळीत 'बॉट' असं सरळ लिहिलेलं असायचं.

मला तेवढंच परत हवंय. तक्त्यात तो एक शब्द.

सर्व्हर_पलीकडे

मी पुण्यात मोबाइल गेमच्या सर्व्हरवर काम करतो. शूटरवर नाही, पण मॅच जुळवण्याचं गणित सगळीकडे सारखंच असतं. तुमच्या भावना कळतात, मागणी मात्र पटत नाही.

शंभर माणसं एका वेळी हवीत. ती एकाच मोडमधली, एकाच मॅपवरची, साधारण एकाच रँकची आणि पिंग जमेल इतक्या जवळची हवीत. यातली प्रत्येक अट जमलेल्या गर्दीचे तुकडे करते. देशागणिक आवृत्ती वेगळी केली की आणखी तुकडे. संध्याकाळी नऊला हे जमून जातं. पहाटे चारला, कमी खेळल्या जाणाऱ्या मॅपवर, तळाच्या रँकमध्ये माणसं आणायची कुठून? मग उरतात तीन वाटा: दहा मिनिटं ताटकळत ठेवा, मुंबईऐवजी दूरच्या सर्व्हरवर ढकला, नाहीतर जागा बॉटने भरा.

दुसरी गोष्ट नवख्यांची. फोर्टनाइटने २०१९ मध्ये आणि पबजीच्या संगणकावरच्या आवृत्तीने २०२० मध्ये बॉट आणले. दोघांनी ते जाहीर केलं आणि कारण जवळपास एकच दिलं: नवा खेळाडू मुरलेल्यांच्या हातून मिनिटभरात मरत राहिला तर शिकणार कधी? म्हणजे सगळं लपवलं, हे म्हणणं बरोबर नाही.

आता तुमचा तक्ता. बॉट कोण ते चालू मॅचमध्ये दिसलं तर काय होईल? सगळे आधी बॉट शोधून किल गोळा करतील आणि माणूस दिसला की लपून बसतील. तुम्ही म्हणता तो एक शब्द मॅच मारून टाकेल.

थेट_रँक

दोघांशीही असहमत. रँकच्या मॅचमध्ये बॉट नकोतच. लेबल लावून नकोत आणि न लावताही नकोत.

बॉटशी खेळून हात बिघडतो. तुम्ही उघड्यावर उभं राहून रीलोड करता, कारण बॉट तेवढ्यात धावून येत नाही. क्रेट लुटताना गुडघ्यावरही बसत नाही. एकाच खिडकीतून पुन्हा पुन्हा डोकावता, कारण आधी तुम्ही तिथेच होता हे बॉट लक्षात ठेवत नाही. या सवयी अंगात मुरल्या की वरच्या रँकमध्ये पहिल्याच माणसाच्या हातून मरता. तो तुमच्या पावलांचा आवाज ऐकून जिन्याखाली दबा धरून बसलेला असतो, आणि तुम्ही पट्ट्या बांधायला घ्याल त्या क्षणाची वाट बघतो. हे बॉटांनी भरलेल्या कुठल्याच मॅचमध्ये शिकायला मिळत नाही.

'नवख्याला शिकू द्या' म्हणता, पण तो शिकतोय काय? सोपं जिंकायला. पुढे आपटल्यावर त्याला वाटतं की वरचे सगळे चीटर आहेत. चॅटमध्ये रोज रिपोर्टच्या धमक्या येतात त्यांतल्या निम्म्या मला याच पोरांच्या वाटतात. वेटिंग दहा मिनिटांचं असेल तर असू दे. मी थांबेन.

निवांत_रात्र

तुम्ही थांबाल हो. मला तासभरच मिळतो, सगळं आवरून झाल्यावर.

मी बॉटशी खेळते, आवडीने खेळते आणि मुद्दाम निवडून खेळते. त्याचं कारण अजून इथे कुणी लिहिलं नाही. माइक चालू करून 'डावीकडे दोघं आहेत' एवढं सांगितलं तरी पुढची पाच मिनिटं गोळ्या बाजूला राहतात आणि 'मुलगी आहे रे' सुरू होतं. मग कुठून, वय किती, इन्स्टा दे. नाही म्हटलं की शिव्या. माइक बंद ठेवला तर स्क्वाड म्हणतो, ही काहीच सांगत नाही. २०१६ मध्ये ओव्हरवॉच आला तेव्हा त्यात संगणकाविरुद्ध खेळायचा वेगळा मोड होता. तो मी कितीतरी खेळले. तिथेही बाकीचे साथीदार माणसंच, पण हरण्याची धास्ती नसली की माणसंही बरी वागतात असा माझा अनुभव आहे.

तेव्हा 'बॉटशी खेळणं म्हणजे खरं खेळणं नव्हे' असं कृपा करून म्हणू नका. नेम मलाच धरावा लागतो.

धागाकर्त्याचं मात्र पटतं. मी बॉट निवडते तेव्हा मला माहीत असतं. न सांगता माझ्यासमोर बॉट उभे केले तर निवड माझी राहत नाही.

लाल_माती

आमच्याकडे कोकणात पावसाळ्यात वीज आणि नेट दोन्ही कधी जातील याचा भरवसा नाही. मॅचच्या मध्यात मी गायब झालो की माझ्या चार साथीदारांनी काय करायचं? सीएस:गोमध्ये (काउंटर-स्ट्राइकच्या पुढच्या आवृत्तीत) बरीच वर्षं अशी सोय होती की गेलेल्याच्या जागी बॉट यायचा, आणि आपण मेलो की त्या बॉटचा ताबा घेऊन उरलेला राउंड खेळता यायचा. तो बॉट कुणाला फसवत नव्हता. नावाच्या आधी 'बॉट' लिहिलेलं असायचं.

आणि थेट_रँक, आमच्या ऑफलाइन लॅनवर (नेटशिवाय एकमेकांना जोडलेल्या पीसींवर) एक्स्पर्ट लेव्हलचे बॉट लावून बघा. डस्ट २ या मॅपच्या लांबच्या बोळात ते डोकं बाहेर काढू देत नाहीत. ते पावलांचा आवाजही ऐकतात. बॉट म्हणजे ठोंबा, हा समज मोबाइलवाल्यांचा आहे.

क्वेकप्रेमी

लाल_माती यांचा मुद्दा पुढे नेतो. नेम चुकवू नको म्हणून बॉटला शिकवावं लागत नाही. तुम्ही कुठे आहात ते खेळाच्या मेमरीत असतंच. बॉट लिहिणाऱ्याची खरी मेहनत त्याला चुकवायला शिकवण्यात जाते: किती उशिरा वळावं, नेम किती हलावा, भिंतीमागचं माहीत असूनही कधी न बघितल्यासारखं वागावं.

माणसासारखं खेळणारा बॉट करण्याची एक स्पर्धाच होती, बॉटप्राइझ. अनरिअल टूर्नामेंट २००४ वर व्हायची. माणसं आणि बॉट एकत्र खेळायचे आणि समोर कोण आहे ते परीक्षक खेळता खेळता ठरवायचे. २०१२ मध्ये दोन बॉट त्या परीक्षेत उत्तीर्ण झाले. सरासरी माणसाला जितक्यांनी माणूस म्हटलं त्याहून जास्त वेळा परीक्षकांनी त्या बॉटांना माणूस ठरवलं. पुढे २०१९ मध्ये डीपमाइंड या एआय कंपनीने क्वेक ३ वर बेतलेल्या 'कॅप्चर द फ्लॅग'मधलं काम सायन्स नियतकालिकात मांडलं. त्यांचे बॉट मेमरीत न डोकावता पडद्यावरचे पिक्सेल बघून शिकले होते. त्यांचा प्रतिसाद माणसाइतका मंद केला तरी ते चांगल्या खेळाडूंना हरवत होते.

म्हणजे मोबाइलवरचा बॉट मुद्दाम हरण्यासाठी ठेवलेला आहे. आता धागाकर्त्यांना माझा थेट प्रश्न. उद्या बॉट इतका माणसासारखा झाला की तुम्हाला, मला, थेट_रँकला कुणालाच ओळखता आला नाही, तर तुमचं नुकसान नेमकं काय होतं? मजा तीच, घाम तोच. मला तरी नुकसान दिसत नाही.

जुना_लॅनवाला

क्वेकप्रेमी, प्रश्न नेमका आहे, तेव्हा उत्तरही सरळ देतो.

शेवटच्या वर्तुळात दोघं उरलेत. मी दगडाआड, तो शेडमध्ये. माझ्याकडे एकच स्मोक (धुराचा बॉम्ब) आहे. तो फेकून मी डावीकडून जाणार असं भासवतो आणि उजवीकडून जातो. तो फसतो. त्या क्षणी मला आनंद कशाचा होतो? पलीकडे कुणीतरी विचार केला, मी त्याचा विचार ओळखला आणि त्याला ते आत्ता कळलंय, याचा. तोही कुठेतरी फोन आपटून 'अरे यार' म्हणतोय. पलीकडे कुणीच नव्हतं हे नंतर कळलं तर तो आनंद उलट्या पावली परत जातो. कधीच कळलं नाही तर मी कुणीतरी रचलेल्या खोट्या समजुतीत खुश राहिलो. मला ते नुकसान वाटतं, मोठं नुकसान.

बॉटला हरवण्याचा आनंद वेगळा असतो, आणि तोही खरा असतो. गॉडलाइक या सर्वांत अवघड पायरीवरच्या बॉटला हरवलं की कुणाला सांगावंसं वाटतंच. पण तिथे मी एका अवघड गोष्टीवर मात केलेली असते आणि ते मला माहीत असतं. दोन्ही आनंद मला हवेत. एकाच्या नावाखाली दुसरा नको.

सर्व्हर_पलीकडे, चालू मॅचमध्ये खूण दिसली तर लोक बॉट हुडकत फिरतील, हे तुमचं म्हणणं मान्य. मग मॅच संपल्यावर दाखवा. निकालाच्या पानावर किल, डॅमेज, जगलेली मिनिटं सगळं येतं, त्यात 'यातले बॉट इतके' ही एक ओळ वाढवायला काय हरकत आहे? आणि बॉटच्या किलचे रँकसाठी गुण कमी. २०१४ च्या टायटनफॉलमध्ये संगणकाचे सैनिक उघड उघड वेगळे दिसायचे, त्यांना मारल्याचे गुण खेळाडूला मारल्यापेक्षा कमी होते, आणि तरी त्यांच्यामुळे मैदान भरलेलं वाटायचं. जाहीर केलं म्हणता, पण एकदा कंपनीच्या निवेदनात सांगणं आणि खेळणाऱ्याला त्याच्या मॅचबद्दल सांगणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आठवीतलं पोरगं निवेदन वाचत नाही.

थेट_रँक

गुण कमी करणार असाल तर माझा अर्धा विरोध मागे. अर्धा कायम. वरच्या रँकमध्ये एकही बॉट नको.

सावध_ग्राहक

सगळे खेळाबद्दल बोलताय, पैशाबद्दल कुणीच नाही. खेळ फुकट, विक्री कपड्यांची आणि बंदुकीच्या रंगांची. सोपी जिंकलेली मॅच म्हणजे दुकानाचं दार. ॲक्टिव्हिजन या गेम कंपनीला २०१७ मध्ये एक पेटंट मिळालं, त्यात लोकांनी खेळातल्या वस्तू विकत घ्याव्यात यासाठी मॅच कशा जुळवता येतील तेच लिहिलं होतं. अशा कंपन्या बॉटचा आकडा स्वतःहून दाखवतील?

सर्व्हर_पलीकडे

ते पेटंट माणसांची माणसांशी गाठ घालण्याबद्दल होतं, बॉटबद्दल नाही. शिवाय ते कुठल्याही खेळात वापरलेलं नाही असं कंपनीने तेव्हाच सांगितलं होतं. संशय घ्या, पण त्याला हे कागद लावू नका.

लॅनवाले, निकालाच्या पानावरची ओळ तांत्रिकदृष्ट्या एका दिवसाचं काम आहे, हे मी नाकारत नाही. रँकच्या मॅचसाठी ती असावी हेही पटलं. माझी अडचण फक्त पहिल्या काही मॅचपुरती आहे. बारा वर्षांच्या मुलाला आयुष्यातला पहिला विजय मिळतो, तो आईला दाखवायला फोन घेऊन पळतो, आणि खाली लिहिलेलं असतं की शंभरातले नव्वद बॉट होते. तो पुन्हा खेळेल का? नव्या खेळाडूला तेवढी सवलत द्यायला हवी असं मला अजूनही वाटतं.

निवांत_रात्र

बारा वर्षांचा एक माझ्याच घरी आहे, म्हणून लिहिते. बुद्धिबळाच्या ॲपवर त्याने पहिला डाव बॉटशीच जिंकला. तिथे बॉटचं नाव, चित्र, रेटिंग सगळं समोर होतं. तो फोन घेऊन पळत आला आणि म्हणाला, '४०० वाल्याला हरवला, आता ६०० वाला.' लगेच पुढचा डाव लावला.

तुम्ही पहिल्या मॅचच्या आधीच सांगा ना, की ही सरावाची आहे, यात बहुतेक बॉट आहेत. नंतर कळल्यावर त्याला वाईट वाटेल अशी तुम्हाला भीती आहे, कारण तुम्ही 'नंतर'च धरून चालला आहात.

सर्व्हर_पलीकडे

आधी सांगितलं तर निम्मे जण सराव टाळून थेट खऱ्या मॅचला जातील आणि मिनिटभरात मरतील. आकडे नेहमी हेच दाखवतात की सराव कुणी पूर्ण करत नाही.

जुना_लॅनवाला

जाऊ देत. मरतील, आणि परत येऊन सराव निवडतील. आम्ही कॅफेत तसेच शिकलो: आधी मोठ्या मुलांकडून मार खाल्ला, मग कोपऱ्यातल्या पीसीवर चार बॉट लावून बसलो.