मदत हवी आहे: पोक्सो (बालकांवरील लैंगिक अत्याचारांविरुद्धचा कायदा) प्रकरणातली मुलगी आता सज्ञान आहे, चेहरा दाखवता येईल का?

निवासी शाळेतल्या लैंगिक अत्याचारांवर माहितीपट करतेय. तिथली एक मुलगी तेव्हा 13 वर्षांची होती, आता 24 ची. खटला अजून चालूच. आतापर्यंत भाकरी थापणारे तिचे हातच टिपलेत, पण ती म्हणते, "ताई, तोंड मी का लपवू?" लेखी संमती घेतलीय, शाळेचं-गावाचं नाव वगळलंय. तरी तिच्यावरून बाकीच्या मुली ओळखू येतील, ही धास्ती आहेच.

पोक्सोच्या कलम 23 नुसार ओळख उघड करायला विशेष न्यायालयाची परवानगी लागते. भारतीय न्याय संहितेच्या कलम 72 मध्ये मात्र पीडितेची लेखी परवानगी चालते. दोन वकिलांची दोन मतं. सज्ञान झाल्यावरही न्यायालयात जावंच लागतं का? आणि अर्ज कुणी करायचा, तिने की मी?