बंद कारखान्यातला थकीत पगार, पीएफ, ग्रॅच्युइटी : मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,
माझे वडील एका सहकारी साखर कारखान्यात बॉयलरवर कायम कामगार होते. 2021 मध्ये निवृत्त झाले. शेवटच्या 16 महिन्यांचा पगार थकला आहे, ग्रॅच्युइटीचा रुपयाही हातात आलेला नाही. सगळ्यात चीड येते ती पीएफची. त्याआधीच्या पगारपत्रकांवर दरमहा कपात दिसते, पण पासबुकात त्यातले कितीतरी महिने कोरे आहेत. कामगाराचे कापलेले पैसे भरायचेच नाहीत, ही माझ्या मते नुसती थकबाकी नव्हे.

आता कारखाना बंद असून कर्जापोटी बँकेच्या ताब्यात आहे. लिलावाची चर्चा आहे. पीएफ कायद्याच्या कलम 11(2) प्रमाणे ही रक्कम मालमत्तेवरचा पहिला बोजा ठरते, म्हणजे इतर देण्यांच्या आधी ती फेडावी लागते. सर्वोच्च न्यायालयानेही 2009 मध्ये महाराष्ट्रातल्याच साखर कारखान्यांच्या प्रकरणात बँकेकडच्या गहाण साखरेवर पीएफचा हक्क आधी मानला. मग पगार आणि ग्रॅच्युइटीचं काय?

वकील म्हणतात, पगारासाठी कामगार न्यायालयात औद्योगिक विवाद कायद्याच्या (थकीत रक्कम वसूल करण्याच्या) कलम 33(सी)(2) खाली अर्ज करा. पण नोव्हेंबर 2025 पासून नवीन कामगार संहिता आल्यात, तर जुन्या थकबाकीचा दावा कोणत्या कायद्याखाली लावायचा? ग्रॅच्युइटीसाठी वेगळा अर्ज लागेल ना? उशीर माफ होतो का? आणि लिलाव आधी झाला तर वसुली कोणाकडून?

नेमणूकपत्र, पगाराच्या स्लिपा, पासबुक सगळं जपून ठेवलं आहे. अशा कारखान्याकडून कुणी प्रत्यक्ष पैसे मिळवले असतील तर कृपया सविस्तर सांगा. वडिलांचं वय होत चाललंय.