फ्लॉरेन्स: गाईडशिवाय उफ्फिझी आणि अकादेमिया, शनिवार ते मंगळवार कसं बसवायचं?

रंगपेटी

मे महिन्यात फ्लॉरेन्सला जातोय. शनिवारी दुपारी १२ च्या सुमारास पोचू, मंगळवारी सकाळच्या गाडीने मिलान. चौघं आहोत: आम्ही दोघं, सासूबाई (वय ६८, सपाटीवर छान चालतात पण जिने नकोत) आणि १२ वर्षांची मुलगी. गाईड नको आहे, त्याच्या वेगाने सासूबाईंना जमणार नाही.

उफ्फिझी आणि अकादेमिया ही दोन कलासंग्रहालयं बघायची आहेत. सध्याचा बेत असा: शनिवारी आराम, रविवारी अकादेमिया (महिन्याचा पहिला रविवार आहे, त्या दिवशी फुकट असतं म्हणे), सोमवारी पूर्ण दिवस उफ्फिझी.

१) तिकिटं आधी काढावीत का, आणि कुठून?
२) उफ्फिझीत कुठून सुरुवात करावी? काय सोडलं तरी चालेल?
३) जिन्यांचं काय?

जोत्यावरून

आधी बेत बदला, तिकिटांचं नंतर बघू. उफ्फिझी आणि अकादेमिया दोन्ही सोमवारी बंद असतात. इटलीत बरीच सरकारी संग्रहालयं सोमवारी बंद असतात आणि भारतातून बेत आखताना नेमकं हेच राहून जातं.

पहिल्या रविवारचं फुकट प्रकरण खरं आहे, पण त्या दिवशी वेळ आरक्षित करता येत नाही. जो येईल तो रांगेत. शिवाय सगळं गावच बाहेर पडलेलं असतं. चार जणांचे पैसे वाचतात खरे, पण गुडघे दुखणाऱ्या माणसाला दोन-अडीच तास फरसबंदीवर उभं करणं हा काही फायद्याचा सौदा नव्हे.

मी असं लावलं असतं:

शनिवार: सामान हॉटेलवर टाकून, जेवून, दुपारी २:३० च्या वेळेने उफ्फिझी. संग्रहालय ६:३० ला बंद होतं, पण कर्मचारी त्याच्या बरंच आधीपासून दालनं रिकामी करायला लागतात. म्हणजे हातात साडेतीन तास धरा. चार वाजताची वेळ घेतलीत तर शेवटचा मजला धावत बघावा लागेल.

रविवार: सरकारी संग्रहालयांच्या वाटेलाच जाऊ नका. कॅथेड्रलच्या मागचं ‘म्युझेओ देल ओपेरा देल दुओमो’ बघा. ते सरकारी नाही, त्यामुळे फुकट रविवारची गर्दी तिथे लोटत नाही.

सोमवार: बार्जेल्लो, हे शिल्पांचं संग्रहालय. त्याची साप्ताहिक सुट्टी मंगळवारी असते, सोमवारी नाही.

मंगळवार: अकादेमिया सकाळी ८:१५ ला उघडतं. पहिली वेळ घ्या, दहापर्यंत बाहेर. मिलानची गाडी सकाळऐवजी दुपारची करा. जलद गाडीने दोन तासांचाच प्रवास आहे, आणि गाड्या दिवसभर असतात.

एक मात्र बघा. मिलानला लिओनार्दोचं ‘लास्ट सपर’ बघायचं असेल तर त्याचं तिकीट सगळ्यात आधी काढा आणि बाकी वेळापत्रक त्याभोवती बसवा. एका वेळी मोजकीच माणसं सोडतात, तीही १५ मिनिटांसाठी, आणि तिकिटं काही महिन्यांच्या गठ्ठ्याने खुली होतात. ती किती लवकर संपतात याची कल्पना बऱ्याच जणांना नसते.

पोटमाळा

तिकिटांबद्दल.

उफ्फिझीचं तिकीट संग्रहालयाच्या स्वतःच्या संकेतस्थळावरूनच काढा. शोध घेतला की वरती जी नावं येतात त्यातली निम्मी मध्यस्थांची असतात: दिसायला अधिकृत, किंमत दीडपट-दुप्पट. मूळ दर माणशी २५ युरो, वर वेळेच्या आरक्षणाचे ४. याच्या फार पुढचा आकडा दिसला तर मधे कोणीतरी आहे किंवा गळ्यात गाईड बांधलाय असं समजा. दर बदलतात, काढताना एकदा ताडून घ्या.

१८ वर्षांखालच्या मुलांना सरकारी संग्रहालयांत प्रवेश फुकट आहे, देश कुठलाही असो. पण मुलीसाठी शून्य किमतीचं तिकीट त्याच आरक्षणात घ्यावं लागतं (आरक्षण शुल्क लागतं) आणि दारात वयाचा पुरावा मागू शकतात. तिचा पासपोर्ट बरोबर ठेवा. ६५ वर्षांवरच्यांना आपल्याकडे रेल्वेत मिळायची तशी सवलत तिथे नाही, सासूबाईंचं पूर्ण तिकीट लागेल.

आरक्षणाची पावती आणि तिकीट या दोन वेगळ्या गोष्टी असू शकतात. ईमेलवर आलेल्या कागदावर ‘व्हाउचर’ असं असेल तर उफ्फिझीला तो आधी ३ नंबरच्या दारात देऊन तिकीट घ्यायचं, मग अंगण ओलांडून समोरच्या १ नंबरच्या दाराला आरक्षणवाल्यांच्या रांगेत लागायचं. अनेक जण थेट १ नंबरला उभे राहतात आणि पुढे गेल्यावर परत पाठवले जातात. आरक्षण असलं तरी बॅगांच्या तपासणीची रांग चुकत नाही, म्हणून २० मिनिटं आधी पोचा.

सामान: उफ्फिझीत पाठीवरची बॅग आणि छत्री खाली जमा करावी लागते, पैसे लागत नाहीत. अकादेमियात सामान ठेवायची सोयच नाही. मोठी बॅग घेऊन गेलात तर आत सोडत नाहीत आणि अर्ध्या लिटरपेक्षा मोठी पाण्याची बाटलीही चालत नाही. मंगळवारी हॉटेल सोडाल तेव्हा बॅगा तिथेच ठेवून जा, चाकांची बॅग ओढत अकादेमियाच्या दाराशी जाऊ नका.

फोटो चालतात. फ्लॅश, तिपाई, सेल्फीची काठी चालत नाही.

कुंचला_२

उफ्फिझीच्या आतलं लिहितो.

मुख्य चित्रं सगळ्यात वरच्या मजल्यावर आहेत आणि बघायची सुरुवात तिथूनच होते. जिना लांबलचक आहे. तपासणी झाल्या झाल्या कर्मचाऱ्याला लिफ्ट विचारा, ज्यांना चढवत नाही त्यांना सोडतात. चाकाची खुर्चीही मागितली तर मिळते. सासूबाई चालत्या असल्या तरी घ्या, साडेतीन तासांत तिचा उपयोग होतोच. मधल्या मार्गिकांमध्ये बाकं आहेत, पण जिथे बसावंसं वाटतं नेमक्या त्या खोल्यांत जागा मिळेलच असं नाही.

इमारत इंग्रजी ‘यू’ अक्षरासारखी आहे. पूर्वेची लांब मार्गिका, नदीकडची आखूड, मग पश्चिमेची लांब. मार्गिकांत पुतळे, बाजूला खोल्या. वाट एकाच दिशेची आहे. खालच्या मजल्यावर उतरलात की परत वर सोडतील अशी आशा धरू नका.

सुरुवातीच्या एका खोलीत तीन प्रचंड मॅडोना (बाळ येशूला घेऊन सिंहासनावर बसलेली मेरी) समोरासमोर आहेत: दुच्चो (१२८५), चिमाबुए आणि जोत्तो (१३०० नंतरची काही वर्षं). बहुतेक लोक बोत्तिचेल्लीच्या ओढीने या खोलीतून सुसाट निघून जातात. गाईड नसताना खरं तर हीच खोली सगळ्यात जास्त शिकवते, कारण विषय एक, मांडणी एक, सोनेरी पार्श्वभूमी एक, आणि चित्रकार तीन. चिमाबुएचे देवदूत सिंहासनाच्या दोन्ही बाजूंना एकावर एक रचल्यासारखे आहेत, ते उभे कशावर आहेत ते कळत नाही. जोत्तोकडे या. मेरीचे गुडघे झग्याखालून पुढे आलेले दिसतात, मांडीवर खरंच वजन पेलता येईल असं अंग आहे. सिंहासनाच्या बाजूच्या कमानींतून मागच्या संतांचे चेहरे दिसतात, म्हणजे सिंहासनाला पुढचं आणि मागचं आहे. मुलीला फक्त एवढं विचारा: तिघींपैकी खुर्चीत खरी बसलेली कोण? पुढच्या दोनशे वर्षांत काय घडणार आहे ते तिला तिथेच कळेल.

पुढे पिएरो देल्ला फ्रांचेस्काची उर्बिनोच्या ड्यूक आणि डचेसची जोडचित्रं. मधोमध काचेत उभी आहेत ती मागूनही बघण्यासाठी. मागे दोघांच्या विजयरथांची मिरवणूक रंगवली आहे आणि निम्मे लोक ती न बघताच जातात. ड्यूकची डावी बाजू का दाखवली आहे? घोडेस्वारांच्या भाल्यांच्या झुंजीत उजवा डोळा गेला होता. नाकाच्या मुळाशी पडलेली खाच त्याच बाजूने स्पष्ट दिसते.

बोत्तिचेल्ली: इथे गर्दी असतेच, ती टळत नाही. ‘व्हीनसचा जन्म’ (सुमारे १४८५) कॅनव्हासवर आहे, ‘प्रिमावेरा’ लाकडी फळ्यांवर. समोरच्या काचेवर खिडक्या-दिव्यांची तिरीप येते. समोर मधोमध उभं राहण्यासाठी धक्के खाण्यापेक्षा दोन पावलं बाजूला सरका, चित्र जास्त स्वच्छ दिसेल. ‘प्रिमावेरा’ उजवीकडून डावीकडे वाचायचं: निळसर अंगाचा वारा क्लोरिस या अप्सरेला पकडतो, तिच्या तोंडातून फुलं बाहेर पडतात आणि शेजारी तीच फुलांच्या झग्यातली फ्लोरा, म्हणजे फुलांची देवी, होऊन उभी आहे. हा क्रम माहीत नसेल तर बागेत जमलेली माणसं एवढंच दिसतं.

त्रिबुना हे अष्टकोनी दालन दारातूनच बघता येतं, आत जाता येत नाही. दोन मिनिटं पुरेत.

ए३५ क्रमांकाच्या खोलीत लिओनार्दो. ‘अनन्सिएशन’ (देवदूत मेरीला येशूच्या जन्माची वार्ता देतो तो प्रसंग) समोरून पाहिलं की मेरीचा उजवा हात नको तेवढा लांब वाटतो. आता चित्राच्या उजव्या टोकाला जाऊन तिरकं बघा, हात आखूड होतो आणि टेबल जागेवर बसतं. चित्र मुळात बाजूने दिसेल अशा जागी लावायचं होतं असं अनेक अभ्यासक यावरून मानतात. शेजारचं ‘मॅजाय’ (बाळ येशूला वंदन करायला आलेले ज्ञानी पुरुष) अपुरं सोडलेलं आहे (१४८१), खालचा आराखडा कसा उभा राहतो ते उघडं दिसतं.

ए३८ मध्ये मायकेलअँजेलोचं गोल ‘दोनी तोंदो’. लाकडी फळीवरचं त्याचं निर्विवाद पूर्ण झालेलं चित्र हे एवढंच. चौकट मूळची आहे, तिच्यातून डोकावणारी कोरीव मुंडकी शोधायला मुलीला लावा. ज्यांनी ते करवून घेतलं त्या दोनी पतिपत्नींची राफाएलने केलेली चित्रं त्याच खोलीत आहेत.

मग गच्चीवरच्या कॅफेत बसा. खाणं महाग आणि यथातथा, पण सासूबाईंना टेकायला जागा मिळते. तेव्हा घड्याळात तास-सव्वा तास उरलेला हवा, कारण खाली तिशियनची ‘उर्बिनोची व्हीनस’ (१५३८), काराव्हाज्जोची ढालीवरची मेडुसा आणि आर्तेमिसिया जेंतिलेस्कीची ज्युडिथ आहे. वरती दमून खाली नुसतं चालत सुटणं, ही उफ्फिझीतली सगळ्यात मोठी गल्लत.

काय सोडावं? मार्गिकांमधले बहुतेक रोमन पुतळे. नदीवरून पलीकडे जाणारी वासारीची मार्गिका डिसेंबर २०२४ मध्ये पुन्हा खुली झाली आहे, पण तिचं तिकीट वेगळं आणि जास्त किमतीचं, आणि आत चित्रं नाहीत. पहिल्या खेपेला नको.

रंगपेटी

सोमवार कळलाच नव्हता, बरं झालं विचारलं. दुपारी २:३० चं उफ्फिझी आणि मंगळवारी ८:१५ चं अकादेमिया काढते. रविवार आणि सोमवारचं थोडं आणखी सांगाल का? मुलीला चित्रांपेक्षा हातात धरता येतील अशा वस्तू जास्त आवडतात.

जोत्यावरून

मग तिला बार्जेल्लोच जास्त आवडेल. तिथे मुख्यतः शिल्पं आणि धातुकामासारख्या वस्तू आहेत. आधी १४०१ च्या स्पर्धेतल्या दोन कांस्यफळ्या शोधा. बाप्तिस्तरीच्या (कॅथेड्रलसमोरची बाप्तिस्म्याची इमारत) दारासाठी सगळ्यांना एकच विषय दिला होता, बायबलमधल्या अब्राहमने द्यायला घेतलेला मुलगा इसाकचा बळी. ब्रुनेलेस्कीने आकृत्या वेगवेगळ्या ओतून पत्र्यावर जोडल्या, गिबेर्तीने जवळजवळ सगळं एका ओतात काढलं, तेही आतून पोकळ. त्यामुळे त्याच्या फळीला सुमारे ७ किलो कांसं कमी लागलं. काम गिबेर्तीला मिळालं. कोणाची चांगली, यावर मुलीशी वाद घाला.

दोनातेल्लोचा कांस्य डेव्हिड आणि संगमरवरी डेव्हिड दोन्ही इथे आहेत. मंगळवारी मायकेलअँजेलोचा डेव्हिड बघण्याआधी हे बघून झालेले असतील, हा या क्रमाचा फायदा. निघण्याआधी संकेतस्थळावर बंद दालनांची सूचना बघा, डागडुजीमुळे एखादं दालन बंद असू शकतं.

रविवारचं दुओमोचं संग्रहालय: गिबेर्तीच्या ‘स्वर्गद्वारा’च्या मूळ फळ्या इथे आहेत, बाहेर बाप्तिस्तरीला लावलेल्या प्रतिकृती. मायकेलअँजेलोने स्वतःच हातोड्याने फोडलेली ‘पिएता’ (मृत येशू आणि मेरी यांचं शिल्प) हीही इथेच. तिकीट एकत्र असतं, कॅथेड्रलचा घुमट असलेलं आणि नसलेलं. तुम्ही घुमट नसलेलं घ्या. वर ४६३ पायऱ्या आहेत, लिफ्ट नाही, आणि त्याची वेळ एकदा ठरली की बदलत नाही.

पोटमाळा

अकादेमियात डेव्हिडकडे धावू नका, तो ५.१७ मीटरचा आहे, कुठे जात नाही. त्याच्याकडे जाणाऱ्या दालनात दोन्ही बाजूंना मायकेलअँजेलोचे अपुरे ‘कैदी’ आहेत. पोप ज्युलिअस दुसरा याच्या थडग्यासाठी घेतलेले, तसेच राहिलेले. छिन्नीचे घाव तिरकस रेघांसारखे दिसतात: खडबडीत भागात टोकाच्या छिन्नीचे खोल, अंगाजवळ दातेरी छिन्नीचे समांतर ओरखडे. सकाळी पहिल्या अर्ध्या तासात ते जवळून बघता येतात, मग गटांची भिंत उभी राहते.

डेव्हिडला मागूनही एक फेरी मारा. दगड आधीच दुसऱ्या शिल्पकारांनी हात लावून सोडलेला आणि अरुंद होता, म्हणून बाजूने तो किती सपाट आहे ते दिसतं.

करवीरकर

सोमवारी दुपार मोकळी असेल तर कास्चिने बागेच्या पश्चिम टोकाला जा. कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज इंग्लंडहून परतताना १८७० मध्ये फ्लॉरेन्सला वारले, वय अवघं विशीचं. आर्नो आणि मुन्योने नद्यांच्या संगमावर त्यांना अग्नी दिला. त्या जागी छत्रीखाली त्यांचा अर्धपुतळा आहे (१८७४) आणि जवळच्या पुलाचं नाव त्यावरून ‘पोंते अल इंदियानो’. बाग लांबच लांब आहे, ट्रामने उतरून चालायचं म्हटलं तरी बरंच अंतर पडतं. सासूबाईंना घेऊन जाणार असाल तर थेट टॅक्सी करा, आणि परतीच्या टॅक्सीचं आधीच ठरवून ठेवा, त्या टोकाला रस्त्यावर हात करून मिळत नाही.