नादमुकुट: आवाजाचा उजेड झाला तर आवाज उरावा का नाही?

कृष्णाकाठचा_नाटक्या: सांगलीत आमच्या गल्लीतल्या पोरांचं नाटक बसवतोय, दिवाळीच्या सुट्टीत करायचंय. गोष्टीत एक जादूचा मुकुट आहे, डोक्यावर घातला की आवाज दिसतो, चमचा पडला की पिवळी ठिणगी, आजी खोकली की तांबडा ढग, असं. माझं म्हणणं एवढंच की आवाजाचा उजेड झाला म्हणजे आवाज संपला पाहिजे, घालणाऱ्याला दिसंल पण ऐकू येणार नाही. दूध विरजल्यावर दूध राहतं का? जोडीदार म्हणतो दोन्ही असू दे, जादूला हिशेब कशाला मागतोस. तीन दिवस भांडतोय, चहा पण वेगवेगळा पितोय.

भडंग_कमी_तिखट: जोडीदाराचं बरोबर आहे. १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी ह्याच सांगलीत नाटक उभं केलं, राक्षस अललडुर्र करत यायचे, तेव्हा कुणी विचारलं का की एवढी ताकद कुठनं आली? पोरांना मजा येऊ दे की राव.

दहावी_ब_सायन्स: नाही पटलं. मजा हिशेबातच आहे. साधं बोलणं साधारण ६० डेसिबल, म्हणजे एका चौरस मीटरवर वॅटचा दहा लाखावा भाग. सगळ्याचा उजेड केला तरी अंधारात जेमतेम जाणवंल, टाळ्या पडायच्या नाहीत. १२० डेसिबलला तोच आकडा दहा लाख पट, म्हणजे एक वॅट. मिरवणुकीत स्पीकरच्या भिंतीला चिकटून उभं राहिलात, छाती धडधडायला लागली, आणि चौरस मीटरमागं निघालेला उजेड किती तर घरातल्या छोट्या बल्बएवढा! एवढा दंगा करून एक छोटा बल्ब. मला तर ह्यातच नाटक दिसतंय.

भडंग_कमी_तिखट: मग मंडळांना मुकुट वाटा, रात्री दहानंतर पण चालू ठेवतील, वाजतच नाही म्हणून 😀

तंबोरा_मिरज: रंगाचं कुणी बोललंच नाही. कानाला २० ते २०,००० हर्ट्झ कळतं, म्हणजे दहाएक सप्तकं (आकडा दुप्पट झाला की एक सप्तक), आणि डोळ्याला दिसणारा उजेड ४०० ते ७०० नॅनोमीटर, एक सप्तक पण धड भरत नाही. मग दहा सप्तकं एका इंद्रधनुष्यात कोंबणार का दर सप्तकाला रंग परत सुरू करणार? मी म्हणतो परत सुरू करा, कारण सा हा सा असतो, खर्जातला काय न् तारातला काय. पण आपल्याकडं सा ठरलेला कुठं असतो, बाई पेटीच्या काळी चारमध्ये गाती, बुवा काळी एकमध्ये. मुकुटाला आधी कुणीतरी सा सांगायला पाहिजे, म्हणजे शेजारी तंबोरा पाहिजेच. आमच्याकडं भोपळा पंढरपूरकडनं येतो, तो वाळवून, तारा चढवून शेवटी घोडीवर तारेखाली सुताचा दोरा सरकवतात, त्यानं जवारी, म्हणजे तारेची झणझण, खुलती. दोरा केसभर हलला की एकाच तारेतनं नुसते सूर उमलायला लागतात. मुकुटातनं ते कसं दिसंल ह्याचा विचार करूनच मी जेवायचं विसरलो. आणि तेव्हा ऐकू येणार नाही म्हणता? मग नको मला तुमचा मुकुट. आवाज राहू दे.

पायरीवरची: मला भीती वेगळीच आहे. धाकटी बहीण जन्मापासून कर्णबधिर आहे. अशा गोष्टीत शेवटी एक बहिरी पोरगी येती, मुकुट घालती, "मला ऐकू आलं" म्हणून नाचती आणि सगळे रडतात. प्लीज ते करू नका. ढोल तिला तळपायाला कळतो, आमच्यापेक्षा आधी कळतो कधीकधी. तांबडा रंग दिसला म्हणजे तिनं सा ऐकला असं होत नाही, तिनं तांबडा रंग बघितला.

कृष्णाकाठचा_नाटक्या: ताई, खरं सांगतो, शेवट तसाच लिहिला होता. काढतो. पण स्वयंपाकघरातनं आई हाक मारती ती दिसली तर उपयोग नाही का?

पायरीवरची: दिसंल कशी? हाक कोपऱ्यावरनं वळून येती, उजेड वळतो का? आणि पाठीमागनं मारली तर?

दहावी_ब_सायन्स: बरोबर पकडलं ताईंनी. १०० हर्ट्झची लाट सव्वातीन मीटरच्या वर लांब, ती दाराच्या चौकटीला वळसा घालती. उजेडाची लाट मिलिमीटरच्या हजाराव्या भागापेक्षा बारीक, ती सरळच जाणार. म्हणून उजेड हाक मारणाऱ्याच्या तोंडापाशी नको, मुकुटाच्या झालरीलाच उमटू दे, ज्या बाजूनं हाक आली त्या बाजूला.

भडंग_कमी_तिखट: आता कसं, जादूला नियम लावत लावत तुम्ही कंपनी काढणार.

कृष्णाकाठचा_नाटक्या: झालर घेतली. तंबोऱ्याला एक प्रवेश देतो, त्यात मुकुट काढून ठेवायचा आणि नुसतं ऐकायचं. बाकी सगळीकडं आवाज संपणार, ह्यावर मी ठाम आहे, जोडीदारानं काय करायचं ते करावं.

तंबोरा_मिरज: म्हणजे बघायचं का ऐकायचं हे पोरांनी दरवेळी निवडायचं? हे आवडलं नाही मला, पण तालमीला येतो. तंबोरा आणतो.

पायरीवरची: बहिणीला सगळं वाचून घ्यायला सांगितलं. तिनं एवढंच टाईप केलंय: मुकुट टोचतो, फेटा करा.